निर्मळेचा प्रश्न

संतांच्या गाथा आपण नामासाठी, रूपासाठी, पंढरीच्या वर्णनासाठी उघडतो. त्याच गाथांत संतांची घरेही आहेत आणि त्या घरांत झालेले बोलणेही आहे. आईचे रागावणे आहे, बायकोचे गाऱ्हाणे आहे, मुलाने बापाशी धरलेला वेगळा मार्ग आहे, बहिणीने भावाला लावलेला बोल आहे. थोरांची चरित्रे लिहिताना असे प्रसंग बहुतेक ठिकाणी हळूच वगळले जातात. घरातली कुरबुर बाहेर कशाला, असे वाटते. वारकरी परंपरेने मात्र ती कुरबुर जपली, कीर्तनातून सांगितली, आणि तिला ओव्या-अभंगांच्या शेजारी बसवले. असे का केले असावे? हा प्रश्न घेऊन आधी पंढरपूर, मग वऱ्हाडातले मेहुणाराजा, मग पैठण आणि शिऊर अशी वाट चालू, आणि शेवटी अमरावती जिल्ह्याच्या टोकाला, मेळघाटातल्या धारणी तालुक्यात पोहोचू.

गोणाई आणि राजाई

नामदेवरायांचा काळ १२७० ते १३५०. घर शिंप्याचे, भरलेले. वडील दामाशेटी, आई गोणाई, पत्नी राजाई, नारा, विठा, गोंदा, महादा ही चार मुले, त्यांच्या बायका, आणि त्याच घरात राबणारी, स्वतःला नामयाची दासी म्हणवणारी जनाबाई. या घरात एकटे नामदेव बोलले असे नाही. लहानथोर सगळे बोलले, आणि त्यांचे अभंग नामदेवांच्या गाथेबरोबर आजवर चालत आले.

ते काय बोलले हे पाहण्यासारखे आहे. गोणाईला वाटते, नवसाने झालेला मुलगा हातचा गेला. ती थेट विठ्ठलापुढे उभी राहते आणि माझे लेकरू मला परत दे म्हणून भांडते. राजाईचे दुःख चुलीजवळचे आहे. घरात दाणा नाही, पोरे उघडी आहेत, आणि घरधनी राउळात. तिने गाऱ्हाणे नेले कोणाकडे? रखुमाईकडे. तुझ्या नवऱ्याने माझ्या नवऱ्याला वेड लावले, त्याला काही समजाव, असे एका बाईने दुसऱ्या बाईला सांगावे तसे तिने सांगितले.

हे अभंग या बायकांनी रचले की नामदेवांनीच त्यांच्या तोंडून रचले, यावर अभ्यासकांत मतभेद आहेत. पण दुसरे मत खरे मानले तर गोष्ट अधिकच मोठी होते. ज्याच्याविरुद्ध तक्रार, त्यानेच ती तक्रार नीट ऐकली, तिचा एक शब्दही बोथट न करता शब्दांत बसवली, आणि लोकांसमोर गायली. आपल्या बायकोचे आपल्यावरचे गाऱ्हाणे आपल्यापैकी किती जणांना जसेच्या तसे सांगता येईल? सांगायचे झाले तर आधी पूर्ण ऐकावे लागते.

चोखोबांचे घर

आता वऱ्हाडात येऊ. बुलढाणा जिल्ह्यातल्या देऊळगाव राजा तालुक्यात मेहुणाराजा हे गाव आहे. चोखोबांचे जन्मस्थान म्हणून ते मानले जाते. चोखोबांचा संसार मंगळवेढ्याचा, आणि तेथेच १३३८मध्ये गावकुसाची भिंत कोसळून त्यांचा अंत झाला. पण त्यांच्या घरातली एक मोठी गोष्ट मेहुणपुरीशी, म्हणजे त्यांची बहीण निर्मळा जेथे राहत होती त्या गावाशी, जोडलेली आहे.

चोखोबांचे घरही नामदेवांच्या घरासारखेच बोलके होते. पत्नी सोयराबाई, बहीण निर्मळा, निर्मळेचा नवरा आणि सोयराबाईचा भाऊ बंका, मुलगा कर्ममेळा. पाचही जणांचे अभंग आपल्याकडे आहेत. गावाने ज्यांना वेशीबाहेर ठेवले, देवळाच्या दारात ज्यांना उभे राहू दिले नाही, त्या घरातल्या प्रत्येकाला स्वतःचा आवाज होता. बाहेर बोलायची चोरी होती. घरात ती नव्हती.

सोयराबाई देवाला विचारते की विटाळ देहातूनच उपजतो तर सोवळा कोण उरला. कर्ममेळा तर बापाच्याही पुढे जातो. चोखोबांच्या काही अभंगांत आपल्या जन्माबद्दल सोसण्याचा, समजून घेण्याचा सूर आहे. कर्ममेळ्याला ते पटत नाही. उष्टे खाऊन जगायला लावलेस, याची तुला लाज कशी वाटत नाही, अशा अर्थाचे तो देवाला सुनावतो. मुलाचे हे बोलणे घराने दाबले नाही. बापाचा सूर आणि मुलाचा सूर दोन्ही शेजारी राहिले.

या घरातला जो प्रसंग आज सांगायचा आहे तो सोयराबाईच्या बाळंतपणाचा. परंपरेतली कथा अशी. लग्नाला पुष्कळ वर्षे झाली तरी मूल नव्हते. सोयराबाईने ही खंत नवऱ्याजवळ बोलून दाखवली होती. पुढे दिवस राहिले, भरत आले. घरात काही नव्हते. बाळंतपणाचा खर्च कोठून करावा, या विवंचनेत चोखोबा घराबाहेर पडले आणि बायकोला न सांगता बहिणीकडे मेहुणपुरीला गेले. इकडे सोयराबाई एकटी. वेणा सुरू झाल्या तेव्हा तिने विठ्ठलाला हाक मारली, आणि देव निर्मळेचे रूप घेऊन, वहिनी म्हणत दारात आला. त्याने बाळंतपण केले, बारसे केले, मुलाचे नाव कर्ममेळा ठेवले.

कीर्तनात आपण ही कथा ऐकतो ती देव आला येथपर्यंत. डोळे भरून येतात, टाळ वाजतात. पण कथेला दुसरी बाजूही आहे, ती मेहुणपुरीची. तेथे खरी निर्मळा होती. भाऊ एकटा आलेला पाहून तिने वहिनीची चौकशी केली, आणि हकिगत कळल्यावर भावाला बोल लावला. अशा अवस्थेत तिला एकटी टाकून, न सांगता कसा आलास, असा तिचा प्रश्न होता.

थोडे थांबून हे नाते पाहू. निर्मळा चोखोबांना केवळ भाऊ मानत नव्हती, गुरू मानत होती. परमार्थात ती त्यांच्या शब्दाबाहेर नव्हती. तरीही घरातल्या चुकीबद्दल विचारायला तिला संकोच वाटला नाही. शिवाय ती दुसऱ्या घरी नांदणारी बाई, आणि प्रश्न विचारला तो भावजयीच्या बाजूने. नणंद-भावजयीच्या नात्याबद्दल आपल्या जात्यावरच्या ओव्यांत काय काय म्हटले आहे ते सगळ्यांना ठाऊक आहे. त्या पार्श्वभूमीवर ही नणंद उठून दिसते.

चोखोबांची अडचणही खोटी नव्हती. बायकोवर प्रेम नव्हते म्हणून ते गेले नाहीत. हातात काही नाही हे तिला सांगवेना म्हणून गेले. गरीब घरातला कर्ता माणूस पुष्कळदा असाच वागतो. तो ओरडत नाही, मारत नाही. तो गप्प होतो आणि बाहेर निघून जातो. मागे राहिलेल्या माणसाला मात्र तो का गेला हे कळत नाही, आणि त्या न कळण्याचे ओझे गरिबीपेक्षा जड होते. प्रेम असलेल्या घरातही असे होते, हे ही कथा सांगते. देव धावून आला हे खरे, पण देव आला म्हणून न सांगता जाणे बरोबर ठरले नाही. परंपरेने निर्मळेचा ठपका कथेतून काढून टाकला नाही, यातच त्याचे उत्तर आहे.

पैठणचा बाप आणि शिऊरची आई

बोलल्यावर घर मोडते, ही भीती पुष्कळांना असते. तिच्यासाठी नाथबाबांच्या घरचा प्रसंग आठवावा. एकनाथ महाराजांचा काळ १५३३ ते १५९९. त्यांचा मुलगा हरिपंडित काशीचा विद्वान. वडील मराठीतून कथा सांगतात, कोणाच्याही घरी जेवतात, हे त्याला पटेना. त्याने ते मनात ठेवले नाही. स्पष्ट विरोध केला आणि घर सोडून काशीला गेला. नाथ त्याला आणायला काशीपर्यंत गेले. हरिपंडिताने अटी घातल्या: यापुढे परान्न घ्यायचे नाही आणि मराठीतून कथा सांगायची नाही. ज्यांनी मराठीत भागवत लिहिले त्यांना ही दुसरी अट किती जड गेली असेल! तरी नाथांनी दोन्ही मान्य केल्या.

पुढे पैठणला कथा हरिपंडित सांगू लागला आणि श्रोते कमी होऊ लागले. नाथ काही बोलले नाहीत. दिलेला शब्द पाळत राहिले. मुलाला हळूहळू उमगले आणि त्यानेच वडिलांना पुन्हा कथा सांगण्याची विनंती केली. या प्रसंगात बाप हरला की मुलगा, हे सांगता येत नाही. मुलाने तोंडावर सांगितले, बापाने ऐकून वाकून घेतले, आणि काळाने मुलाला शहाणे केले. नाथांनी पितृत्वाचा धाक दाखवून मुलाला गप्प केले असते तर हरिपंडित काशीलाच राहिला असता.

सगळ्याच घरांत असे भाग्य नव्हते, हेही मान्य करायला हवे. संत बहिणाबाईंचा जन्म १६२८चा, वेरुळजवळच्या देवगावचा. नवरा गंगाधर पाठक वयाने खूप मोठा, तापट. तुकोबांना गुरू मानल्याबद्दल, कीर्तनाला जाण्याबद्दल त्याने तिला मारले, बांधून ठेवले. त्या घरात ती बोलू शकत नव्हती. पुढे तो आजारी पडला, मन पालटले, आणि दोघे देहूला गेले. बहिणाबाईंनी हे सारे आपल्या आत्मचरित्रपर अभंगांत लिहून ठेवले. मारही लिहिला आणि पालटलेले मनही लिहिले. १७००मध्ये देह ठेवण्याआधी त्यांनी मुलाला, विठ्ठलाला, जवळ बोलावले आणि आपल्या पूर्वजन्मांची हकिगत सांगितली. जिला तरुणपणी घरात तोंड उघडता आले नाही, तिने म्हातारपणी मुलाशी मन मोकळे केले आणि मुलाने ते ऐकले. एका पिढीत मिटलेले तोंड पुढच्या पिढीत उघडू शकते, याचा हा दाखला आहे.

धारणी तालुक्यातल्या चार अटी

ही झाली तीनशे ते सातशे वर्षांपूर्वीची घरे. आता आपल्या काळातल्या एका घराकडे जाऊ. ते घर धारणी तालुक्यात आहे.

परतवाड्याहून सेमाडोह, हरिसाल करत धारणीला जाणारा घाटरस्ता आपल्यापैकी अनेकांनी पाहिला असेल. सातपुड्याचा डोंगर, सागाचे रान, पलीकडे मध्य प्रदेश, तापीचे खोरे. वस्ती मुख्यतः कोरकू बांधवांची. त्यांची भाषा कोरकू, मराठीहून अगदी वेगळ्या कुळातली. १९९३मध्ये मेळघाटातल्या बालमृत्यूंनी सारा महाराष्ट्र हादरला. त्याच्याही आधीपासून या तालुक्यातल्या बैरागड गावात एक डॉक्टर काम करत होते. डॉ. रवींद्र कोल्हे, मूळचे शेगावचे. हरिसालपासून बैरागडपर्यंत तेव्हा गाडी नव्हती. चाळीस किलोमीटर पायी जावे लागे. तपासणीची फी पहिल्यांदा दोन रुपये, पुन्हा आल्यास एक रुपया.

लग्नाची वेळ आली तेव्हा या माणसाने आपल्या चार अटी आधीच सांगून टाकल्या. बायकोची चाळीस किलोमीटर चालण्याची तयारी हवी. लग्न पाच रुपयांत, नोंदणी पद्धतीने होईल. महिन्याला चारशे रुपयांत घर चालवावे लागेल. आणि वेळ आली तर भीक मागायची तयारी हवी, स्वतःसाठी नव्हे, दुसऱ्यासाठी. अनेक मुलींनी नकार दिला. त्यात त्यांचे काही चुकले असे म्हणता येत नाही; खरे आधी सांगितले म्हणूनच त्यांना खरे उत्तर देता आले. नागपुरात स्वतःचा दवाखाना चालवणाऱ्या डॉ. स्मिता यांनी मात्र अटी ऐकल्या, समजून घेतल्या आणि होकार दिला.

आपल्याकडे लग्न ठरवताना काय चालते ते आठवा. मुलाचा पगार वाढवून सांगतात, शेत जास्त सांगतात, आजार लपवतात, कर्ज लपवतात. नंतर घरात पहिले भांडण त्या लपवलेल्या गोष्टीवरून होते, आणि मग वीस वर्षे होत राहते. कोल्ह्यांच्या घरात गरिबी होती, पण ती लपवलेली नव्हती. चोखोबांना जे बायकोला सांगवले नाही, ते येथे उंबरठा ओलांडण्याआधीच सांगून झाले होते.

त्या घरातही बाळंतपणाची वेळ आली. गावातल्या बायकांचे बाळंतपण जसे गावातच होते, तसेच आपल्या पत्नीचेही करायचे डॉक्टरांनी ठरवले. मूल जन्मले, पण गंभीर आजारी पडले. गावकऱ्यांनीच सांगितले की बाळाला अकोल्याच्या मोठ्या दवाखान्यात न्या. डॉ. कोल्हे यांनी निर्णय पत्नीवर सोपवला. बाळावर येथेच, गावातल्या इतर बाळांसारखे उपचार होतील, असे स्मितांनी ठरवले. मूल वाचले, आणि त्या दिवसापासून गावाने त्यांना आपले मानले. पुढे २०१९मध्ये या दांपत्याला पद्मश्री मिळाली.

असा निर्णय प्रत्येकाने घ्यावा असे कोणी म्हणणार नाही, आणि घेऊही नये. तेथे आईबाप दोघेही डॉक्टर होते. लक्षात घ्यायची गोष्ट वेगळी आहे. बाळंतिणीच्या खाटेशी नवरा हजर होता, आणि शेवटचा शब्द तिचा होता.

पहिला उशीर

बाळंतपणात माता का दगावतात, याचा अभ्यास करणाऱ्यांनी तीन उशीर सांगितले आहेत. दवाखान्यात जायचे की नाही हे घरात ठरवायला लागणारा पहिला उशीर. दवाखान्यापर्यंत पोहोचायला लागणारा दुसरा. तेथे गेल्यावर उपचार मिळायला लागणारा तिसरा. दुसऱ्या आणि तिसऱ्या उशिरासाठी रस्ता, रुग्णवाहिका, डॉक्टर लागतात. ते सरकारकडे भांडून मागायचे. पहिला उशीर मात्र घरातच होतो. सून सांगायला लाजते की अंगावर जाते आहे. सासूला वाटते, आम्ही नाही का बाळंत झालो. नवरा मजुरीला परगावी. सासरा म्हणतो, सकाळी पाहू. मेळघाटात भर पडते ती भाषेची आणि परक्याच्या भीतीची. भूमक्याकडे जायचे, तापल्या विळ्याने बाळाच्या पोटावर डागणी द्यायची, की आशाताईला हाक मारायची, हेही घरातच ठरते. त्या घरात एक निर्मळा असेल, विचारणारी, तर रात्र वाया जात नाही.

आणि हे केवळ मेळघाटाचे आहे असे समजू नये. वऱ्हाडातून पंढरी लांब. कौंडण्यपूरची रखुमाईची पालखी असो की शेगावची गजानन महाराजांची, पायी वाटेला महिनाभर तरी लागतो, आणि तोही पेरणीच्या दिवसांत. वारीला निघताना आपण पताका धुतो, टाळ घेतो, तुळशीची माळ पाहतो. घरी बसून बोलतो का? बियाण्याचे पैसे कोणाचे उचलले, ते फेडायचे कसे, सुनेचे कितवे महिने चालू आहेत, म्हातारीच्या गोळ्या कोण आणणार, मुलाला शाळेत काय त्रास आहे, हे विचारून निघतो की मेहुणपुरीच्या वाटेला लागतो? मागे देव आहे, ही श्रद्धा असावी. पण चोखोबांच्या घरी देव निर्मळेच्या रूपात आला होता. म्हणजे विचारपूस करणाऱ्या घरच्या माणसाच्या रूपात आला होता.

यासाठी फार काही लागत नाही. पुष्कळ माळकऱ्यांच्या घरी सांजेला हरिपाठ होतो. हरिपाठ संपला की उठण्याची घाई न करता थोडा वेळ तेथेच बसावे. घरातल्या सगळ्यात लहानाला आधी बोलू द्यावे, सगळ्यात मोठ्याने शेवटी बोलावे. कोणी कडू बोलले तर त्या रात्री त्याला उत्तर देऊ नये, नुसते ऐकावे. नाथांनी काशीला ऐकले तसे. पैशाची अडचण असेल तर कर्त्याने ती स्वतः सांगावी. ज्या घरात मारहाण आहे तेथे मात्र बाईला बोलायला सांगण्याआधी मारणाऱ्याचा हात थांबवावा, आणि ते काम शेजारच्या माळकऱ्यांचे आहे.

राजाईचे गाऱ्हाणे रखुमाईने ऐकले. कर्ममेळ्याचे सुनावणे विठ्ठलाने ऐकले. ज्या देवाने घरच्यांची एवढी बोलणी खाल्ली, त्याच्या गळ्यातली माळ आपण घालतो. या आषाढीला निघण्याआधी घरातल्या प्रत्येकाला एकदा विचारावे, तुझे काही सांगायचे राहिले आहे का. आणि उत्तर येईपर्यंत पिशवी खांद्याला लावू नये.